सॅफचा चषक नाण्यावर सोडू नका

८ फेब्रुवारी २०२४ ची रात्र. ढाक्यातलं कमलापूरचं स्टेडियम. दक्षिण आशियाई फुटबॉल महासंघाच्या, म्हणजे सॅफच्या, एकोणीस वर्षांखालील मुलींच्या स्पर्धेचा अंतिम सामना, भारत विरुद्ध बांगलादेश. आठव्याच मिनिटाला शिबानी देवीने भारताला आघाडी मिळवून दिली होती. नव्वद मिनिटं उलटून गेल्यावर, भारताच्या हातात चषक आलाच असं वाटत असताना, बांगलादेशच्या सागरिकाने बरोबरी साधली. सामना पेनल्टींवर गेला. दोन्हीकडच्या पहिल्या पाचही जणींनी गोल केले. मग सहावी, सातवी, आठवी. शेवटी गोलकीपर मुलींची पाळी आली आणि त्यांनीही चेंडू जाळ्यात मारला. बावीस मुली, बावीस गोल. ११-११.

अशा वेळी काय करायचं हे फुटबॉलच्या नियमांत स्पष्ट लिहिलेलं आहे. पुन्हा किका सुरू करायच्या, कोणीतरी चुकेपर्यंत. पण सामना आयुक्तांच्या सांगण्यावरून पंचांनी नाणं काढलं. नाणं भारताच्या बाजूने पडलं आणि आपल्या मुली आनंदाने धावत सुटल्या. बांगलादेशच्या मुलींना विश्वासच बसेना. त्या मैदान सोडेनात, गॅलरीतून बाटल्या येऊ लागल्या. काही वेळाने आयुक्तांनी चूक मान्य केली आणि किका पुढे चालू करा म्हणून सांगितलं, तोवर आपला संघ मैदानाबाहेर गेला होता. खूप वेळ खल झाला आणि अखेर दोन्ही संघांना संयुक्त विजेते ठरवलं.

या प्रसंगात मला कोणा एका अधिकाऱ्यावर बोट ठेवायचं नाही. दबावाखाली माणूस चुकतो. पण ज्या स्पर्धेच्या अंतिम सामन्यात नियमपुस्तक उघडण्याऐवजी नाणं काढलं जातं, तिच्याकडे तिचेच चालक किती गांभीर्याने बघतात, हा प्रश्न मनातून जात नाही. दक्षिण आशियाचं फुटबॉल गेली तीस वर्षं असंच चाललं आहे. तारखा, यजमान, संघ, व्हिसा, सगळं त्या त्या वेळी जमेल तसं. आणि या प्रदेशातला सगळ्यात मोठा देश म्हणून याचा सर्वाधिक दोष आपल्याकडे येतो, असं माझं स्पष्ट मत आहे.

सॅफची सुरुवात १९९३ साली लाहोरला झाली. तेव्हा नाव वेगळं होतं, सार्क गोल्ड कप. संघ फक्त चार: भारत, पाकिस्तान, नेपाळ आणि श्रीलंका. आपण जिंकलो. दोन वर्षांनी कोलंबोत श्रीलंकेने आपल्याला अंतिम सामन्यात सुवर्ण गोलवर (जादा वेळेत पहिला गोल झाला की सामना तिथेच संपायचा, तो गोल) हरवलं. १९९७ ला काठमांडूत मालदीवचा ५-१ असा फडशा पाडून चषक परत आणला, आणि त्याच वर्षी दक्षिण आशियाई फुटबॉल महासंघ स्थापन झाला. १९९९ ची स्पर्धा गोव्यात झाली. मडगावच्या फातोर्डा स्टेडियमवर बांगलादेशविरुद्ध ब्रुनो कुतिन्हो आणि बायचुंग भुतिया यांनी गोल केले आणि भारत २-० ने जिंकला. गोव्याच्या मैदानावर गोव्याचा खेळाडू भारतासाठी अंतिम सामन्यात गोल करतो आणि देश चषक जिंकतो. त्या पिढीच्या गोमंतकीयांना ती संध्याकाळ विसरता येणार नाही.

२०२३ पर्यंत पुरुषांच्या चौदा स्पर्धा झाल्या. त्यांतल्या नऊ भारताने जिंकल्या आणि चारदा उपविजेतेपद मिळवलं. अंतिम फेरी हुकली ती एकदाच, २००३ मध्ये ढाक्याला, जेव्हा बांगलादेशच्या मतिउर मुन्नाच्या सुवर्ण गोलने उपांत्य फेरीत आपला घात केला.

या नऊ चषकांवरून आपल्याकडे एक मत तयार झालं आहे आणि ते बऱ्याच जाणकार मंडळींकडूनही ऐकू येतं. सॅफ ही किरकोळ स्पर्धा आहे, तिथे जिंकून काही सिद्ध होत नाही, उलट हरलो तर नाचक्की. तेव्हा तिथे तेवीस वर्षांखालील मुलांना पाठवावं, किंवा सरळ बाहेर पडून इराण, उझबेकिस्तान, ओमान यांच्याशी खेळावं. आपण हे करूनही पाहिलं आहे. २००९ ला आणि २०१८ ला आपला तरुण संघच गेला होता. २००९ ला पोरांनी चषक आणला. २०१८ ची गोष्ट मात्र सविस्तर सांगण्यासारखी आहे.

त्या वर्षी ढाक्यात मालदीवला गटात एकही गोल करता आला नव्हता. श्रीलंकेशी ०-० बरोबरी आणि भारताकडून ०-२ हार. श्रीलंकेची अवस्था हुबेहूब तीच. गुण सारखे, गोल सारखे, म्हणून उपांत्य फेरीत कोण जाणार हे नाण्यावर ठरलं आणि कौल मालदीवला मिळाला. गोल न करता पुढे गेलेला तो संघ उपांत्य फेरीत नेपाळला ३-० ने हरवतो आणि अंतिम सामन्यात भारताला २-१ ने. मालदीवचा तो दुसरा चषक. पहिला त्यांनी २००८ ला कोलंबोत आपल्याचविरुद्ध मिळवला होता, मुख्तार नसीरच्या शेवटच्या मिनिटांतल्या गोलवर. ज्या देशाची अख्खी लोकसंख्या आपल्या एखाद्या मध्यम शहराएवढी, तो दोनदा अंतिम सामन्यात आपल्याला हरवतो, तेव्हा स्पर्धा किरकोळ आहे असं म्हणणं हा त्या खेळाडूंचा अपमान आहे. मालेच्या गल्लीबोळांत वाढलेल्या अली अशफाकने या स्पर्धेत वीसहून अधिक गोल केले आहेत, २०१३ च्या एकाच स्पर्धेत दहा. असा खेळाडू कुठल्याही देशाने मिरवावा.

आणि किरकोळ कोणासाठी? २०१३ चा सप्टेंबर आठवा. काठमांडूत अफगाणिस्तानने अंतिम सामन्यात आपल्याला २-० ने हरवलं. त्या संघातली बरीच मुलं युद्धामुळे देश सोडून गेलेल्या कुटुंबांतली होती. गोलकीपर मन्सूर फकिरयार जर्मनीत खेळत होता. उपांत्य सामन्यात यजमान नेपाळच्या दोन पेनल्टी त्याने अडवल्या, तेव्हा सगळं दशरथ स्टेडियम सुन्न झालं होतं. अंतिम सामना संपल्यावर काबूलमध्ये लोक रात्रभर रस्त्यावर होते, बंदुकांचे बार आनंदासाठी निघत होते. संघाचं स्वागत झालं ते गाझी स्टेडियममध्ये. नव्वदच्या दशकात तालिबानने याच मैदानावर माणसांना जाहीर देहदंड दिले होते. आपण हरलो याचं मला त्या दिवशी वाईट वाटलं होतं. आज मागे वळून बघताना मात्र वाटतं, आपल्या प्रदेशातल्या या स्पर्धेने एका होरपळलेल्या देशाला त्याचा पहिला मोठा चषक दिला, हे तिच्या खात्यावरचं फार मोठं पुण्य आहे. पुढे अफगाणिस्तान मध्य आशियाच्या संघटनेत गेला आणि सॅफ तेवढी गरीब झाली.

बाहेर पडण्याच्या मताला एक वजनदार पुरावा अलीकडे मिळाला, तो टाळून चालणार नाही. २०२५ च्या ऑगस्ट-सप्टेंबरमध्ये भारत मध्य आशियाई नेशन्स कपमध्ये पाहुणा म्हणून ताजिकिस्तानला गेला. प्रशिक्षक खालिद जमील नुकतेच आले होते. यजमानांना २-१ ने हरवलं, इराणकडून ०-३ ने हरलो, आणि तिसऱ्या क्रमांकाच्या सामन्यात ओमानला पेनल्टींवर नमवलं. चांगलीच कामगिरी होती. पण त्यानंतरचे दोन महिने बघा. १४ ऑक्टोबरला सिंगापूरने आपल्याला २-१ ने हरवलं आणि २०२७ च्या आशिया चषकाचं दार बंद झालं. कुठे? मडगावला, त्याच फातोर्ड्यावर. १८ नोव्हेंबरला ढाक्यात बांगलादेशने १-० ने हरवलं, २००३ नंतर पहिल्यांदा. जुलै २०२३ मध्ये सॅफ जिंकून फिफाच्या यादीत ९९ व्या स्थानावर गेलेला संघ अडीच वर्षांच्या आत १४० च्याही खाली घसरला. मोठ्यांशी खेळावंच, पण शेजाऱ्याला कमी लेखून मोठं होता येतं हा समज या दोन महिन्यांत पुरता खोटा ठरला आहे. ताजिकिस्तानला जाणं आणि ढाक्याला पूर्ण तयारीने जाणं यांत एक निवडायची गरजच नाही.

आता मुलींकडे येतो, कारण सॅफ गांभीर्याने घेतली तर काय होतं याचं उत्तर तिथे आहे.

महिलांची सॅफ २०१० ला कॉक्स बाजारला सुरू झाली. पहिल्या पाचही स्पर्धा भारताने जिंकल्या, एकही सामना न हरता. २०१४ ची स्पर्धा इस्लामाबादला होती. आपल्या मुली तिथे गेल्या, अंतिम सामन्यात नेपाळला ६-० ने हरवलं आणि चषक घेऊन परत आल्या. बांगलादेश तेव्हा आपल्यासमोर कुठेच नव्हता. पण त्यांनी २०११ पासून प्राथमिक शाळांतल्या मुलींसाठी देशव्यापी स्पर्धा सुरू केली होती. मैमनसिंग जिल्ह्यात, मेघालयाच्या सीमेजवळ कलसिंदूर नावाचं गाव आहे. तिथल्या शाळेतल्या शिक्षकांनी मुलींना मैदानावर उतरवलं. सुरुवातीला पोरींनी हाफ पँट घालून खेळायचं यावर गावात कुरकुर होती. पुढे त्या एका गावातून मारिया मांडा, संजिदा अख्तर, शमसुन्नहार नावाच्याच दोघी अशा राष्ट्रीय खेळाडूंची रांग लागली. डोंगराळ रांगामाटीतून गोलकीपर रूपना चाकमा आणि ऋतुपर्णा चाकमा आल्या, सातखीराहून कर्णधार सबिना खातून. बांगलादेशच्या महासंघाने या मुलींना ढाक्यातल्या आपल्या इमारतीत ठेवून वर्षभर सराव दिला. त्यात सगळं आलबेल होतं असं नाही. मानधनाची ओरड होती, पुढे प्रशिक्षकाविरुद्ध बंडही झालं. पण मुली वर्षाचे बाराही महिने एकत्र खेळत होत्या, ही गोष्ट त्यांच्या कामी आली.

त्याच काळात आपल्याकडे काय चाललं होतं? जानेवारी २०२२ मध्ये महिलांचा आशिया चषक नवी मुंबई, मुंबई आणि पुण्यात झाला. घरच्या मैदानावर, आपल्या लोकांसमोर खेळायची केवढी मोठी संधी. २३ जानेवारीला चिनी तैपेईविरुद्धच्या सामन्याआधी संघात करोना शिरला. किमान तेरा खेळाडूही उभ्या करता आल्या नाहीत आणि भारताला आपल्याच घरच्या स्पर्धेतून बाहेर पडावं लागलं. ऑगस्टमध्ये कारभारातल्या बाहेरच्या हस्तक्षेपावरून फिफाने भारतीय महासंघालाच निलंबित केलं. गोकुलम केरळच्या मुली आशियाई क्लब स्पर्धेसाठी ताश्कंदला पोहोचल्या होत्या, त्यांना न खेळता परतावं लागलं. निलंबन अकरा-बारा दिवसांत उठलं, आणि पुढच्याच महिन्यात मुली काठमांडूला सॅफ खेळायला उतरल्या. गटात बांगलादेशने ३-० ने हरवलं. सॅफच्या इतिहासात भारतीय महिलांची ती पहिली हार. उपांत्य फेरीत नेपाळने १-० ने घरी पाठवलं.

अंतिम सामन्यात बांगलादेशने नेपाळला ३-१ ने हरवलं. त्याआधी संजिदाने फेसबुकवर मनातलं लिहिलं होतं, त्यात उघड्या बसमधून मिरवणुकीचा उल्लेख होता. मुली ढाक्याला उतरल्या तेव्हा छप्पर काढलेली दुमजली बस विमानतळाबाहेर उभी होती आणि रस्त्यांवर पाय ठेवायला जागा नव्हती. दोन वर्षांनी त्यांनी पुन्हा काठमांडूतच, पुन्हा नेपाळला हरवून चषक राखला. ८१ व्या मिनिटाला विजयी गोल ऋतुपर्णाचा. आपण त्या वेळीही उपांत्य फेरीतच अडलो. संगीता बासफोरच्या गोलवर पुढे होतो. आपल्या मुली आनंद साजरा करत असतानाच नेपाळने घाईने खेळ सुरू करून चेंडू जाळ्यात मारला, पंचांनी तो गोल धरला नाही आणि तासाभराहून जास्त वेळ सामना थांबला. खेळ पुन्हा सुरू झाल्यावर सावित्रा भंडारीने बरोबरी केली आणि पेनल्टींवर आपण हरलो. नेपाळच्या मुलींबद्दल मला फार हळहळ वाटते. २०२४ पर्यंतच्या सात स्पर्धांपैकी सहा अंतिम सामने खेळून सहाही हरल्या आणि तरी पुढच्या वेळी उभ्या असतात.

आता २०२५ च्या जुलैचा पहिला आठवडा. २ तारखेला यांगूनमध्ये बांगलादेशने म्यानमारला २-१ ने हरवलं, दोन्ही गोल ऋतुपर्णाचे. ५ तारखेला चियांग माईत भारताने थायलंडला २-१ ने हरवलं, दोन्ही गोल संगीताचे. त्या तीन-चार दिवसांत दोन्ही देश आशिया चषकाला पात्र ठरले. बांगलादेश पहिल्यांदाच, आणि भारत पात्रता फेरी खेळून पहिल्यांदाच. काठमांडूच्या सॅफमध्ये एकमेकींच्या समोर उभ्या राहिलेल्या या दोघी. म्यानमार आणि थायलंड हे महिला फुटबॉलमध्ये आपल्यापेक्षा कितीतरी पुढचे देश मानले जात होते. सॅफमध्ये खेळून काही मिळत नाही म्हणणाऱ्यांना मी हा आठवडा दाखवीन. काठमांडूच्या पराभवाने आपल्या मुलींना जेवढं शिकवलं तेवढं आधीच्या पाच चषकांनी शिकवलं नव्हतं.

म्हणून माझं म्हणणं आहे की भारताने सॅफमधून बाहेर पडण्याचा विचार सोडावा, दुय्यम संघ पाठवणं बंद करावं, आणि स्पर्धेला ठाम वेळापत्रक मिळावं म्हणून स्वतः पुढाकार घ्यावा. दर दोन वर्षांनी व्हायची स्पर्धा कधी चार वर्षांनी झाली आहे, कधी वर्षभराने. २०२५ ची पुरुषांची स्पर्धा पुढे ढकलली गेली. कुठल्या प्रशिक्षकाने चार वर्षांचा आराखडा आखायचा आणि कशाच्या भरवशावर? आपल्या लीगचे सामने, खेळाडू सोडायला क्लबांची नाराजी, प्रायोजक, प्रक्षेपण, ही सगळी अडचण तारखा आधी ठरल्या तर निम्मी सुटते. आणि ११-११ झाल्यावर काय करायचं हे सामना चालवणाऱ्या प्रत्येकाला पाठ असेल एवढी तरी व्यवस्था असायला हवी. शेजाऱ्यांकडे पैसा कमी आहे, मैदानं कमी आहेत. या कामाचा भार उचलण्याची ऐपत आपल्याकडेच आहे.

व्हिसाचं काम तर सर्वस्वी आपल्या हातातलं आहे. २१ जून २०२३ ला बेंगळुरूच्या कांतीरवा स्टेडियमवर आपण पाकिस्तानला ४-० ने हरवलं, सुनील छेत्रीने हॅटट्रिक केली. मी छेत्रीचा मनापासून चाहता आहे. पण ज्या संघाला व्हिसा इतका उशिरा मिळाला की तो मॉरिशसहून प्रवास करत सामन्याच्या दिवशीच शहरात पोहोचला, त्याच्याविरुद्धचे ते चार गोल मला पूर्ण चवीने साजरे करता आले नाहीत. समोरचा संघ झोप काढून, सराव करून उतरला असता तर कदाचित आपण तरीही चार गोल केले असते. ते आपल्याला कळायला हवं होतं. सीमेवरचे प्रश्न खरे आहेत, त्यात सैनिकांचं रक्त सांडतं, आणि सरकारने एखाद्या देशाशी खेळायचं नाही असं ठरवलं तर तो सरकारचा अधिकार आहे. मात्र स्पर्धेचं यजमानपद एकदा घेतलं की आलेला प्रत्येक संघ आपला पाहुणा. त्याला आठवडाभर आधी मैदानावर पाय ठेवता आला पाहिजे. २०१४ ला आपल्या मुली इस्लामाबादला जाऊन खेळल्याच होत्या.

त्याच बेंगळुरूच्या स्पर्धेत भारताचे मुख्य प्रशिक्षक स्तिमाच यांना दोनदा लाल कार्ड मिळालं आणि अंतिम सामन्यात बाकावरून संघ सांभाळला तो गोव्याच्या महेश गवळीने, ज्याने खेळाडू म्हणूनही हा चषक उंचावला होता. पाहुणा संघ म्हणून आलेल्या कुवेतविरुद्ध १-१, मग पेनल्टी. पहिल्या पाच किकांनंतरही बरोबरी. सहाव्या किकेला गुरप्रीत सिंग संधूने झेप घेऊन चेंडू अडवला आणि सगळं स्टेडियम उभं राहिलं. कमलापूरच्या त्या बावीस मुलींनाही असाच शेवट मिळायला हवा होता. कोणाची तरी तेविसावी, चोविसावी किक अडली असती, कोणी हरली असती, कोणी जिंकली असती. अकरा किका संपल्यावर पहिलीची पाळी पुन्हा येते. तिला फक्त चेंडू ठेवू द्यायचा होता.